रीळ गेले, चित्र राहिले : टुंडे केलानी यांचे छायालेखन

१

चित्रफितीचा एक प्रकार असा आहे की तिच्यात निगेटिव्ह हा टप्पाच नसतो. तिला ‘रिव्हर्सल’ फिल्म म्हणतात. कॅमेऱ्यातून जी फीत फिरते, तीच रसायनात धुऊन निघते आणि तीच प्रोजेक्टरवर चढते. तिच्यावर ओरखडा पडला तर तो कायमचा. वेळीच दुसरी प्रत काढून ठेवली नसेल आणि फीत हरवली, जळली किंवा बुरशीने खाल्ली, तर तो चित्रपटच संपला. शिवाय ही फीत छायालेखकाची चूक पोटात घालत नाही. निगेटिव्हवर प्रकाश थोडा कमीजास्त पडला तर प्रिंट काढताना सावरून घेता येते. रिव्हर्सलवर अर्ध्या स्टॉपची चूकही पडद्यावर उघडी पडते. लवकर धुऊन होते आणि स्वस्त पडते, म्हणून दूरचित्रवाणीच्या बातम्यांसाठी ती एके काळी सर्रास वापरली जात असे. बातमी एकदा दाखवली की तिचे काम संपले, हा त्यामागचा हिशेब.

१९८०च्या दशकात नायजेरियातल्या योरुबा चित्रपटकर्त्यांवर अशी वेळ आली, की अडीच-तीन तासांचे कथापटही याच फितीवर काढावे लागले. त्या काळात ज्यांच्या खांद्यावर कॅमेरा होता त्यांपैकी प्रमुख नाव टुंडे केलानी यांचे. आज ते ओळखले जातात दिग्दर्शक म्हणून, आणि नायजेरियाबाहेर त्यांचे नाव ‘नॉलिवूड’च्या सरसकट मथळ्याखाली येते. पश्चिम आफ्रिकी सिनेमा म्हटले की आपल्या फिल्म सोसायट्यांना आठवतात ते सेनेगलचे उस्मान सेम्बेन आणि जिब्रिल दियोप माम्बेती, मालीचे सुलेमान सिसे. हे सगळे फ्रेंच वसाहतींतून स्वतंत्र झालेल्या देशांतले. त्यांच्या चित्रपटांना फ्रान्सच्या प्रयोगशाळा, फ्रान्सचा पैसा आणि युरोपातले महोत्सव कमीअधिक प्रमाणात उपलब्ध होते. ब्रिटिशांच्या नायजेरियात असे काही घडले नाही. तिथल्या छायालेखकाला बाजारावर, नाटकमंडळ्यांवर आणि हाताशी लागेल त्या यंत्रावर भागवावे लागले.

हाताशी लागेल त्या यंत्रावर काम करणाऱ्या माणसाची कारागिरी मोजायची कशाने? फितीच्या प्रतीने, पडद्याच्या रुंदीने, की आणखी कशाने? केलानी यांची कारकीर्द हा प्रश्न आपल्यासमोर ठेवते. माझ्या मते त्यांचे खरे कौशल्य एका निवडीत आहे. चित्र कोणत्या भाषेत बोलणार आणि कोणासमोर उमटणार, हे त्यांनी आधी ठरवले आणि त्यासाठी यंत्र बदलायला कमीपणा मानला नाही. या निवडीची किंमतही त्यांना मोजावी लागली. तिचाही हिशेब इथे मांडायचा आहे.

२

केलानी यांचा जन्म १९४८ सालचा, लागोसचा. लहानपणीच त्यांना आजी-आजोबांकडे अबेओकुटाला पाठवण्यात आले. ‘अबेओकुटा’चा अर्थ खडकाखालची वस्ती. ओलुमो नावाच्या प्रचंड खडकाच्या आसऱ्याने वसलेले हे गाव. वोले शोयिंका आणि गायक फेला कुटी याच गावचे. आजोबांच्या घरी राहिल्यामुळे राजदरबाराचे रीतिरिवाज, सण, म्हणी, मोठ्यांसमोर बोलण्याच्या पद्धती या मुलाला जवळून पाहायला मिळाल्या. त्याच वयात दोन गोष्टी त्याच्या वाट्याला आल्या. एक, डी. ओ. फागुन्वा यांच्या योरुबा कादंबऱ्या. त्यांतली पहिली १९३८ची. जंगलात शिरलेला शिकारी आणि त्याला भेटणारी भुतेखेते यांची ही कथा पुढे शोयिंकांनी इंग्रजीत नेली. दुसरी गोष्ट म्हणजे फिरत्या नाटकमंडळ्या. ह्युबर्ट ओगुंडे यांनी १९४५मध्ये व्यावसायिक नाटकमंडळी उभी केली, त्यानंतर अशा मंडळ्यांची रीघ लागली. गाणी, नाच, ढोल, विनोद आणि राजकीय टोमणे घेऊन त्या गावोगाव फिरत. आपल्याकडच्या तमाशाच्या फडांची ज्यांना ओढ आहे त्यांना या मंडळ्यांचे जग फारसे परके वाटणार नाही.

फोटोग्राफीचा नाद शाळेपासून. पुढे इबादानच्या वेस्टर्न नायजेरिया टेलिव्हिजनमध्ये ते फिल्म कॅमेरामन म्हणून तयार झाले. १९५९मध्ये सुरू झालेले हे केंद्र ‘आफ्रिकेतले पहिले’ असे बिरूद अभिमानाने मिरवत असे. कवी आणि नाटककार अडेबायो फालेती याच केंद्राशी संबंधित होते. ही ओळख पुढे कामी आली. बीबीसी आणि रॉयटर्ससाठी केलानींनी वार्तांकन केले. इथिओपियाचा दुष्काळ त्यांनी टिपला, झिम्बाब्वेचे स्वातंत्र्यही टिपले. १९७०च्या दशकाच्या उत्तरार्धात त्यांनी लंडनच्या फिल्म स्कूलमध्ये रीतसर शिक्षण घेतले.

या दोन शाळांचे संस्कार वेगवेगळे असतात. फिल्म स्कूल प्रकाश रचायला शिकवते. बातमीदारी असलेल्या प्रकाशात भागवायला शिकवते. दुष्काळी छावणीत दिवा लावून चेहरा उजळता येत नाही. तिथे एवढेच ठरवायचे असते, की कुठे उभे राहायचे आणि किती जवळ जायचे. केलानींच्या पुढच्या चित्रपटांत माणसे बहुधा दिवसाउजेडी, अंगणात, बाजारात, राजवाड्याच्या चौकात भेटतात आणि कॅमेरा त्यांच्यापासून बेताचे अंतर राखून असतो. त्याचे मूळ मला या बातमीदारीत दिसते.

३

परत आल्यावर त्यांनी फालेतींबरोबर एका चित्रपटाची सहनिर्मिती केली. शिवाय दशकभर इतरांच्या चित्रपटांचे छायालेखन केले : ‘अनिकुरा’, ‘ओगुन अजाये’, ‘इया नी वुरा’, ‘टॅक्सी ड्रायव्हर’, ‘इवा’, ‘फोपोमोयो’. नाटकमंडळ्यांचे मालकच आता चित्रपटांचे निर्माते झाले होते. सिनेमागृहांत अमेरिकी, हाँगकाँगचे आणि मुंबईचे हिंदी चित्रपट ठाण मांडून असल्याने योरुबा चित्रपटाला तिथे जागा मिळणे अवघड. म्हणून निर्माता स्वतःच प्रिंट आणि प्रोजेक्टर घेऊन सभागृहे, शाळा, हॉटेले भाड्याने घेत फिरायचा. नाटकाचा दौरा होता तसाच हा चित्रपटाचा दौरा.

या कामातली छायालेखकाची अडचण नीट समजून घेतली पाहिजे. माथ्यावरचे ऊन, काळा चेहरा आणि अंगावर पांढराशुभ्र अगबाडा, हे योरुबा चित्रपटातले रोजचे दृश्य. अगबाड्याचे मोजमाप धरून प्रकाश ठेवला तर चेहऱ्याची ठेवण काळोखात बुडते. चेहऱ्याचे धरले तर वस्त्राचा नुसता पांढरा ठिपका होतो. रंगीत फिल्मच्या कारखानदारांनी आपली रसायने आणि छपाईची प्रमाणे गोऱ्या कातडीला समोर ठेवून बसवली होती. प्रयोगशाळांत रंग जुळवण्यासाठी कोडॅक जी कार्डे पाठवत असे, त्यांवर वर्षानुवर्षे गोऱ्या तरुणीचाच फोटो असे. म्हणजे फीत तटस्थ नव्हती. त्यात ती रिव्हर्सल, म्हणजे उजेड आणि सावली यांच्यातले अंतर झेलण्याची तिची ताकद आधीच कमी. अशा फितीवर चेहऱ्याचा भाव वाचता यावा यासाठी झाडाची सावली शोधणे, पात्राला भिंतीच्या आडोशाला आणणे, कपड्याचा रंग बदलायला लावणे, चित्रणाची वेळ सकाळ-संध्याकाळकडे ढकलणे, असे उपाय करावे लागतात. पडद्यावर त्यांचे श्रेय कोणालाच मिळत नाही, कारण उपाय यशस्वी झाला की तो दिसतच नाही.

१९८६मध्ये नायजेरियाने जागतिक वित्तसंस्थांच्या सल्ल्याने आर्थिक फेररचना स्वीकारली आणि नायराचे मूल्य कोसळले. फिल्म आयात करायची, ती धुवायला परदेशी पाठवायची, प्रिंट परत आणायची, या सगळ्याला परकीय चलन लागे. ३५ मिलिमीटरवरून १६ मिलिमीटरवर, निगेटिव्हवरून रिव्हर्सलवर आणि अखेर फिल्मवरून व्हिडिओवर अशी ही उतरण आहे. बाहेरून पाहणाऱ्याला ती अधोगती वाटते. आतल्या माणसाला दर पायरीवर एवढेच ठरवायचे होते, की थांबायचे की चालत राहायचे.

याच सुमारास, १९९०मध्ये, ब्रूस बेरेसफोर्ड यांचा ‘मिस्टर जॉन्सन’ बाउचीजवळच्या तोरो गावात चित्रित झाला आणि केलानींनी त्यात साहाय्यक दिग्दर्शक म्हणून काम केले. चित्रपट जॉइस कॅरी यांच्या १९३९च्या कादंबरीवरचा. हीच ती कादंबरी, जिच्यातल्या आफ्रिकी माणसाच्या चित्रणावर चिडून चिनुआ अचेबे यांना आपली बाजू आपणच लिहिली पाहिजे असे वाटले. पाश्चात्त्य चित्रपटाची सगळी सामग्री नायजेरियाच्या गावात अवतरली होती, ती नायजेरियाची गोष्ट बाहेरच्या माणसाच्या नजरेने सांगण्यासाठी. आणि आपली गोष्ट सांगू पाहणाऱ्या तिथल्या छायालेखकाला रीळ परवडत नव्हते. या विसंगतीवर वेगळे भाष्य करायची गरज नाही.

४

यानंतर दोनेक वर्षांतच केलानींनी ‘मेनफ्रेम’ ही स्वतःची निर्मितीसंस्था काढली. तिला जोडनाव दिले ‘ओपोमुलेरो’ : घर तोलून धरणारा खांब. १९९३चा ‘ती ओलुवा नी इले’ हा तिचा पहिला चित्रपट, व्हिडिओवर काढलेला आणि तीन भागांत आलेला. नावाचा अर्थ ‘भूमी देवाची आहे’. एक सरदार दोघांना हाताशी धरून गावाची पूर्वजांची पवित्र जमीन पेट्रोल पंपासाठी विकून टाकतो आणि मग मृत्यू एकेकाचा माग काढत येतो, अशी ही गोष्ट. कारीम अडेपोजू यांनी रंगवलेला हा सरदार भीतीने जितका हास्यास्पद होतो तितकाच खरा वाटू लागतो.

व्हिडिओपट तेव्हा नायजेरियात नवे नव्हते. योरुबा व्हिडिओपट आधीपासून निघत होते, आणि १९९२च्या ‘लिव्हिंग इन बाँडेज’ या इग्बो चित्रपटाने घरोघरी व्हीएचएस कॅसेट नेण्याचा धंदा किती मोठा होऊ शकतो हे दाखवून दिले होते. चार दिवसांत चित्रण, महिन्याभरात बाजार, अशी घाई सुरू झाली. केलानी याच बाजारात उतरले, पण सोबत त्यांनी साहित्य आणले. अकिनवुमी इशोला यांच्या नाटकावरून ‘कोसेएग्बे’ (१९९५), त्यांच्याच १९७४च्या कादंबरीवरून ‘ओ ले कु’ (१९९७). पुढे बायो अडेबोवाले यांच्या कादंबरीवरून ‘द नॅरो पाथ’, फेमी ओशोफिसान यांच्या कादंबरीवरून ‘माआमी’. फालेती आणि इशोला हे केवळ लेखक म्हणून राहिले नाहीत. फालेतींनी त्यांच्या चित्रपटांत भूमिकाही केल्या. एका छायालेखकाने आपल्या भाषेतल्या लेखकांचे असे एक घरच उभे केले.

‘ओ ले कु’ पाहताना व्हिडिओच्या मर्यादा लपत नाहीत. रंग सपाट आहेत, रात्रीची दृश्ये दुबळी आहेत. तरीही इबादानमधल्या विद्यार्थिजीवनाचा एक काळ त्यात जिवंत होतो, कारण केलानी वस्तूंकडे आणि कपड्यांकडे छायाचित्रकाराच्या नजरेने पाहतात. नायिकांचे गुडघ्यापर्यंतचे आखूड इरो आणि बुबा हे त्या काळचे जुने वळण. चित्रपट आल्यावर नायजेरियातल्या बायकांनी ते शिंप्यांकडून पुन्हा शिवून घेतले आणि त्या पोशाखाला नावच ‘ओलेकु’ पडले. सपाट व्हिडिओवरच्या प्रतिमेने रस्त्यावरचे दृश्य बदलले, हा छायालेखनाच्या ताकदीचा पुरावा मानायला हरकत नसावी.

५

केलानींच्या शैलीचा कस लागतो तो १९९९च्या ‘सावोरोइडे’मध्ये. पटकथा इशोला यांची. जोग्बो नावाचे गाव. राजा, मुकुट आणि पितळी घुंगरांचा ढोल यांना एकत्र बांधणारा जुना करार. गादीवर बसताना राजाने विधिपूर्वक शपथ घ्यायची, अंगावर तिच्या खुणा करून घ्यायच्या. ती न घेता ज्याने मुकुट चढवला त्याच्यासमोर हा ढोल वाजला, तर तो मरणार. लापिते नावाचा राजा शपथ टाळतो, कारण त्याला गादीवरून पैसा करायचा आहे. लाकूड कंपन्या जंगल तोडतात आणि लाच राजवाड्यात पोहोचते. मग एक लष्करी अधिकारी लापितेला बाजूला सारून मुकुट स्वतःच्या डोक्यावर ठेवतो. अखेर ढोल वाजतो.

हुकूमशहा सानी अबाचा १९९८मध्ये मरण पावला होता आणि १९९९च्या मे महिन्यात देशात नागरी सरकार आले होते. प्रेक्षकाला रूपक उलगडून सांगायची गरज नव्हती. पण या चित्रपटाचे मोल रूपकापलीकडचे आहे. योरुबा ही स्वरांच्या चढउतारांवर अर्थ बदलणारी भाषा आहे, आणि ढोलाच्या दोऱ्या काखेत आवळून वादक हे चढउतार हुबेहूब काढू शकतो. म्हणजे ढोल तिथे खरोखर बोलतो. ऐकणाऱ्याला त्यात वाक्ये ऐकू येतात. छायालेखकापुढचा पेच असा, की चित्रपटातले सर्वांत निर्णायक पात्र कानाचे आहे, डोळ्याचे नाही. केलानी इथे कॅमेऱ्याची कसरत करत नाहीत. दरबाराची दृश्ये ते नाटकासारखी समोरून आणि रुंद ठेवतात. सरदार एका चौकटीत बसलेले, एक बोलतो आहे आणि बाकीचे काय गिळताहेत तेही दिसते आहे. फालेतींनी केलेला ओपालाबा म्हणींतून सत्य सुनावतो, तेव्हा ऐकणाऱ्यांचे चेहरे त्याच चौकटीत राहतात. चौकट स्थिर असल्यामुळे कानाला मोकळीक मिळते.

‘समोरून, रुंद, स्थिर’ हे व्हिडिओपटांवरच्या टीकेतले नेहमीचे दोषारोप आहेत : हे तर चित्रित केलेले नाटक. आरोप पुष्कळदा खराही असतो. पण ‘सावोरोइडे’त ही चौकट आळसातून आलेली नाही. फिरत्या नाटकमंडळीत प्रेक्षक ज्या अंतरावर बसायचा, ते अंतर केलानींनी जाणूनबुजून राखले आहे. दरबारातला खोटेपणा हा सार्वजनिक गुन्हा आहे आणि तो साऱ्या गावाला एकदम दिसला पाहिजे. एकेका चेहऱ्याच्या क्लोजअपमध्ये त्याची वाटणी झाली की त्याचे सार्वजनिकपण जाते.

‘थंडरबोल्ट : मागुन’ (२००१) या इंग्रजी चित्रपटात ते दुसऱ्या टोकाला जातात. पत्नीवर संशय घेणारा योरुबा नवरा आणि त्याची इग्बो बायको. तिच्यावर ‘मागुन’ ही करणी झाली आहे. तिच्याशी जो संग करील तो मरेल. आधुनिक डॉक्टर ही भाकडकथा मानतो, स्वतःवर प्रयोग करायला तयार होतो आणि मरता मरता वाचतो, तो वैदूंच्या उपचाराने. इथे कॅमेरा करणीचा परिणाम सरळ दाखवतो, ‘हा मनाचा खेळ असावा’ अशी पळवाट ठेवत नाही. विवेकवादी मराठी वाचकाला हे खटकेल, मलाही खटकले. पण या कथेची दुसरी बाजूही पाहायला हवी. दुसऱ्या जमातीची बायको म्हणून तिच्यावर घेतलेला संशय हीच खरी विषारी करणी आहे, आणि देशातले जमातींचे वैर घरात कसे शिरते ते चित्रपट दाखवतो. संशयाला शरीर देण्यासाठी त्याने करणीचा आधार घेतला. किंमत महाग आहे, पण मिळवलेली गोष्ट खोटी नाही.

६

दोष मांडायचे तर आणखीही आहेत. केलानींच्या काही चित्रपटांत उद्देश कथेच्या पुढे धावतो. ‘डॅझलिंग मिराज’मध्ये सिकलसेलच्या आजाराची माहिती संवादांतून येते तेव्हा पात्रे आरोग्य खात्याच्या वतीने बोलल्यासारखी वाटतात. ‘अरुग्बा’त ओसुन नदीच्या उत्सवातल्या कुमारिकेची मिरवणूक डोळ्यांत भरते, पण विद्यापीठातली उपकथा सैल पडते. उपदेशाची ही सवय फिरत्या रंगभूमीकडूनच आलेली आहे. तिथे ती गाण्याबजावण्यात मुरत असे, पडद्यावर ती वर तरंगते.

मात्र या दोषांसाठी केलानींना बाजूला ठेवले गेले नाही. ते राहिले यंत्राच्या कारणाने. वागाडुगूचा फेस्पाको हा आफ्रिकी सिनेमाचा सर्वांत मानाचा महोत्सव. तिथल्या मुख्य स्पर्धेला फिल्मवरची प्रिंट लागे. डिजिटल चित्रपटांना दार उघडले ते २०१५मध्ये. त्याआधीची वीसेक वर्षे खंडातला सर्वाधिक पाहिला जाणारा सिनेमा खंडाच्या मुख्य स्पर्धेत बसत नव्हता. नियमामागे दर्जाची काळजी होती, हे मान्य. पण परदेशी प्रयोगशाळेतून धुऊन आलेली फीत हीच दर्जाची अट ठरवली, तर आफ्रिकी चित्र कोणते हे ठरवण्याचा अधिकारही अर्धा बाहेर जातो.

बाजाराने दिलेले बाजारानेच हिरावून घेतले. कॅसेट आणि तबकडीची नक्कल काढणे सोपे. चोरट्या प्रतींनी केलानींच्या चित्रपटांचे उत्पन्न पुन्हा पुन्हा बुडवले. त्यावर त्यांनी शोधलेला एक उपाय जुनाच होता : गाडीवर प्रोजेक्टर आणि पडदा टाकायचा, वस्तीत जाऊन मोकळ्यावर चित्रपट दाखवायचा. प्रेक्षक सिनेमागृहात येत नसेल तर पडद्याने प्रेक्षकाकडे जायचे, हे ते ओगुंडेंच्या काळातच शिकले होते.

पुढची पिढी मोठ्या साधनांनी काम करते आहे. ‘सावोरोइडे’तून पडद्यावर आलेला एक तरुण नट म्हणजे कुन्ले अफोलायन; वडील अडेयेमी अफोलायन हे रिळाच्या काळातले नट-निर्माते. या मुलाने पुढे दिग्दर्शित केलेल्या ‘द फिगरीन’ आणि ‘ऑक्टोबर १’ यांचे छायालेखन यिंका एडवर्ड यांनी केले आहे. रात्रीचा काळोख आणि काळा चेहरा एकाच चौकटीत सुटे दिसतील असा प्रकाश त्यांत आहे. केलानींच्या पिढीला जे झाडाच्या सावलीत उभे राहून साधावे लागले, ते आता दिव्यांनी आणि डिजिटल सेन्सरने साधता येते. पण ज्या प्रेक्षकाला योरुबा भाषेत, आपल्या चेहऱ्यांचे चित्र पाहायची सवय लागली होती, तो प्रेक्षक आधी कोणीतरी टिकवून धरला होता.

फालेती २०१७मध्ये गेले, इशोला २०१८मध्ये. २०२१मध्ये, वयाच्या त्र्याहत्तराव्या वर्षी, केलानींचा ‘आयिनला’ आला. आयिनला ओमोवुरा हा अबेओकुटाचा आपाला गायक. १९८०मध्ये त्याच गावात भांडणात मारला गेला. तेव्हा केलानी बत्तीस वर्षांचे होते आणि हातात कॅमेरा होता. चाळीस वर्षांनी ते त्या गावात, त्याच खडकाखाली, कॅमेरा घेऊन परतले. गायकाचा आवाज तबकड्यांवर टिकला होता. त्या आवाजाभोवतीचे गल्ल्या, गुत्ते, कपडे आणि बोलणे यांचे गाव मात्र पुन्हा उभे करावे लागले. ज्याने एकेकट्या प्रतीवर चित्रपट टिपले, त्या छायालेखकाला काय हरवू शकते हे पुरते ठाऊक असते. म्हणूनच तो यंत्राचा अभिमान धरत बसत नाही. मिळेल त्या पृष्ठभागावर चित्र उतरवतो.